भाचीला सिनेमाच्या कला विभागात जायचं आहे. आतलं काम नेमकं कसं असतं?

कृष्णाकाठ

नमस्कार मंडळी.

माझी भाची सांगलीत इंटिरियर डिझाइनच्या पदविकेच्या शेवटच्या वर्षाला आहे. चित्राचा हात चांगला, मोजमापात चोख. इथल्या एका हौशी संस्थेने राज्य नाट्य स्पर्धेत नाटक केलं, त्याचं नेपथ्य तिने सांभाळलं. तेव्हापासून तिने मनाशी पक्कं केलंय की सिनेमाच्या कला विभागातच जायचं.

भावाला हे पटत नाही. "नाव कुणाला कळत नाही, पगाराची खात्री नाही, रात्री-अपरात्री परत यायचं. एवढं शिकवलं ते यासाठी?" असं त्याचं म्हणणं. वहिनी काही बोलत नाही, पण तिलाही काळजी आहेच. भाची मला फोन करते, भाऊही मलाच करतो, आणि मला या क्षेत्रातलं ओ की ठो कळत नाही.

तर रोजचं काम काय असतं, शिकायचं कुठे, पैसे कसे मिळतात आणि मुलीने तिथे एकटीने राहून काम करावं का, हे आत काम केलेल्या माणसांकडून ऐकायचं आहे. ऐकीव नको. सगळे प्रतिसाद मी भावाला वाचायला देणार आहे.

काळी_पेन्सिल

कृष्णाकाठताई, मी बरीच वर्षं कला विभागात आहे. आधी सहायक होतो, आता स्वतंत्र काम करतो. लांबलचक लिहितोय, भाचीने सावकाश वाचावं.

पटकथा हातात पडली की आमचं काम सुरू होतं. पहिलं वाचन गोष्टीसाठी. दुसऱ्या वाचनाला प्रत्येक दृश्यातल्या जागा, वस्तू, वेळ, ऋतू खुणा करून बाजूला काढायचे. 'रात्री जेवणं आटोपल्यावर वडील पोस्टाचं पासबुक मुलीसमोर ठेवतात' एवढी एकच ओळ घ्या. साल कोणतं? घर स्वतःचं की भाड्याचं? उजेड कंदिलाचा, पिवळ्या बल्बचा की ट्यूबचा? पासबुक एरवी कुठे असतं: फळीवरच्या डब्यात, देव्हाऱ्यामागे, ट्रंकेत? ते काढायला वडिलांना किती पावलं टाकावी लागतील? या शेवटच्या प्रश्नावर नटाची हालचाल आणि कॅमेऱ्याची जागा दोन्ही ठरतात, म्हणून तो दिग्दर्शक आणि छायालेखक यांच्यासोबत बसूनच सोडवायचा असतो.

मग साल सांभाळायचं. यात मला अजूनही सगळ्यात जास्त रस वाटतो. 'कालनिर्णय' १९७३ पासून निघतं, त्यामुळे १९६५ च्या स्वयंपाकघरात ते लटकलं तर जाणता प्रेक्षक तिथेच थांबतो. पिनकोड १५ ऑगस्ट १९७२ ला आला. त्याआधीच्या पत्रावर सहा आकडे नकोत. नवे पैसे १ एप्रिल १९५७ पासून, म्हणजे त्यापूर्वीच्या दुकानातली भावाची पाटी आण्यांत. रुपयाचं आजचं चिन्ह २०१० चं. गाडीच्या पाटीवर 'एमएच-१२' अशी मांडणी हवी तर कथा १९९० च्या आसपास किंवा पुढची असायला हवी. यातलं बरंचसं पुस्तकांत एकत्र सापडत नाही. जुने लग्नाचे अल्बम, दिवाळी अंकांतल्या जाहिराती, किराणा दुकानाच्या वह्या, मावश्या-आत्या यांच्याकडून गोळा करावं लागतं. भाचीने आजच एक वही सुरू करावी आणि दशकवार नोंदी ठेवाव्यात.

त्यानंतर आराखडा. इथे तिचं इंटिरियरचं शिक्षण उपयोगी पडेल, पण काही सवयी बदलाव्या लागतील. खऱ्या खोलीला चार भिंती असतात. सेटवर कॅमेरा मागे नेण्यासाठी एखादी भिंत काढता येईल अशी जोडतात. छत बहुतेक वेळा नसतंच, कारण दिवे वरून टांगायचे असतात. प्लायवूडचा तक्ता ८ बाय ४ फुटांचा मिळतो, म्हणून भिंतीची लांबी चारच्या पटीत धरली तर कापाकापी आणि नासाडी कमी होते. १३ फुटांची भिंत कागदावर सुंदर दिसेल, पण सुतार पहिल्यांदा विचारेल की १२ का नको? त्याला सांगण्यासारखं कारण असेल तर १३ चीच बांधावी.

आणि वापरलेपण. नव्या रंगाच्या भिंतीकडे बघून तिथे माणसं राहत आल्यासारखं वाटायला हवं. स्विचच्या भोवती हाताच्या उंचीला काळपट डाग येतात. खुर्चीची पाठ टेकते तिथे आडवी रेघ उमटते. चुलीच्या वर धूर चढतो तो सरळ चढत नाही, खिडकीच्या दिशेने ओढला जातो. पांढरं कापड चहाच्या पाण्यातून काढायचं, नाहीतर ते कॅमेऱ्यात डोळ्यांवर येतं. हे सगळं पातळ रंग, स्पंज, मुलतानी माती आणि भरपूर निरीक्षण यांनी होतं. चांगला पेंटर हा आमच्या विभागातला सगळ्यात मौल्यवान माणूस. भाचीने पहिल्या वर्षी त्याच्या मागे उभं राहून नुसतं बघितलं तरी ते शिक्षणच आहे.

प्रॉडक्शन डिझायनर संपूर्ण चित्रपटाचं दृश्यरूप ठरवतो, रंगांची चौकटसुद्धा. कलादिग्दर्शक ते प्रत्यक्ष उभं करून घेतो. लहान मराठी चित्रपटात दोन्ही कामं बहुधा एकच माणूस करतो. त्याच्या हाताखाली सहायक, प्रॉपर्टी (म्हणजे दृश्यातल्या वस्तू) बघणारे, सेट उभारणारे सेटिंगदादा, सुतार, पेंटर, साच्यातून वस्तू घडवणारे मोल्डर. मुलगी सुरुवात करेल ती सहायक म्हणून, आणि पहिले काही महिने बाजारातच जातील.

पंचगंगा

धागा बघून राहवलं नाही. ताई, तुमच्या भावाला सांगा, हे काम आपल्या भागाला नवं नाही. ते सुरूच इथून झालंय.

बाबूराव पेंटर नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे. ते आणि त्यांचे आतेभाऊ-मामेभाऊ नात्यातले आनंदराव यांनी मिळून सिनेमाचा कॅमेरा स्वतः बनवायचा ध्यास घेतला. आनंदराव १९१६ ला गेले, बाबूरावांनी तो कॅमेरा पुरा केला आणि कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली. 'सैरंध्री' १९२० चा. पुढे त्यांनी रंगवलेल्या पडद्यांऐवजी खोली असलेले, बांधलेले सेट वापरले, पोस्टरं स्वतः रंगवली. म्हणजे आज ज्याला डिझाइन म्हणतात ते सगळं एका पेंटराने आमच्या गावात करून दाखवलं.

त्याच कंपनीत दामले, फत्तेलाल आणि शांताराम तयार झाले. त्यांनी १९२९ ला कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी काढली, १९३३ ला ती पुण्याला नेली. साहेबमामा फत्तेलाल हे मुळात कलेचे माणूस आणि विष्णुपंत दामले ध्वनीचे. त्या दोघांनी मिळून १९३६ चा 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला, जो व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. पडद्यामागची दोन माणसं होती ती, आणि त्यांनी केवढं काम करून ठेवलंय बघा!

भानू अथैयाही कोल्हापूरच्याच, जन्म १९२९ चा. मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात शिकल्या, आधी चित्रकार होत्या. 'गांधी'साठी जॉन मोलो यांच्यासोबत वेशभूषेचं ऑस्कर मिळालं १९८३ ला. भारतातलं पहिलं ऑस्कर पडद्यामागच्या कामाला मिळालंय आणि कोल्हापूरच्या बाईने मिळवलंय. भावाला हे एवढं वाचून दाखवाच.

कॉलशीट

मी निर्मिती विभागात आहे. कला विभागाचं वर आलंच आहे, थोडं आमच्या बाजूचं सांगतो. मुलीला चित्रापेक्षा जुळवाजुळवीत रस वाटला तर हाही रस्ता खुला आहे.

आम्ही पटकथेचं ब्रेकडाउन करतो. दृश्य क्रमांक, आत की बाहेर, दिवस की रात्र, कोणते कलाकार, कोणती प्रॉपर्टी, गाड्या, जनावरं, गर्दी. मग चित्रीकरणाचा क्रम लावायचा. कथेत वाड्याचं दृश्य सुरुवातीला आणि शेवटाला असेल तरी वाड्यातलं सगळं एकाच टप्प्यात उरकायचं. त्यामुळे कला विभागाला काल जुना झालेला वाडा आज पुन्हा नवा करावा लागतो. कधी उलटं. हे आधी बोलून ठरलं नाही तर भांडणं होतात.

रेकीला, म्हणजे चित्रीकरणाची जागा आधी बघायला गेल्यावर दिग्दर्शक डोंगर बघतो. आम्ही जनरेटरची गाडी कुठे उभी राहील, बायकांना कपडे बदलायला जागा कुठे, शौचालय किती लांब, दवाखाना किती लांब, शाळा सुटल्यावर किती आवाज होतो हे बघतो. परवानग्या काढतो. रस्त्यावर असेल तर पोलीस आणि नगरपालिका, जंगलात असेल तर वनखातं, किल्ल्यावर असेल तर पुरातत्त्व. बैल दाखवायचा असेल तरी प्राणी कल्याण मंडळाची परवानगी लागते.

आदल्या रात्री कॉलशीट जाते, म्हणजे दुसऱ्या दिवशी कोणी किती वाजता कुठे यायचं त्याचा कागद. तिच्यात एक वेळ चुकली की दुसऱ्या दिवशी सगळं युनिट बसून राहतं. खर्चाच्या अंदाजात किमान दहा टक्के अडीअडचणीला धरावेत. पाऊस विचारून येत नाही.

या कामाचा वारसाही सांगतो. १९१३ ला दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' झाला तेव्हा सरस्वतीबाई फिल्मला भोकं पाडणं, रसायनं करणं, फिल्म धुणं हे शिकल्या आणि शिवाय सगळ्या माणसांचं जेवण बघत होत्या. निर्मिती सांभाळणाऱ्या प्रत्येकाने हे नाव रोज आठवावं असं मला मनापासून वाटतं.

प्रभातरोड

शिक्षणाबद्दल लिहितो. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा तीन वर्षांचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. प्रवेश परीक्षा असते आणि पदवी लागते, त्यामुळे भाचीची पदविका कोणत्या दर्जाची आहे ते आधी तपासा. १९६० ला संस्था सुरू झाली तीच मुळी प्रभातच्या आवारात, म्हणजे वर पंचगंगा यांनी जिथे सोडलं तिथूनच पुढे.

तिथे सगळ्यात मोठा फायदा असा, की छायालेखन, ध्वनी, संकलन शिकणारी मुलं तुमच्या सोबत असतात आणि तुम्ही बांधलेल्या सेटवर तीच चित्रीकरण करतात. चूक लगेच दिसते. याचं माझं आवडतं उदाहरण बंगालमधलं आहे. सत्यजित राय यांच्या 'अपराजितो'साठी कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांनी काशीच्या घराचं अंगण कोलकात्याच्या स्टुडिओत उभं केलं. अशा अंगणात ऊन थेट पडत नाही, वरून आभाळाचा मऊ उजेड उतरतो. तो आणायला छायालेखक सुब्रत मित्र यांनी वर पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्यावर मारून उजेड खाली परतवला. सेट कितीही खरा बांधला तरी उजेड खोटा असता तर ते घर खोटं पडलं असतं. हे १९५६ मधलं काम आहे आणि आजही वर्गात यावर तास रंगतो.

इतर वाटाही आहेत. मुंबईचं जे. जे., अहमदाबादची राष्ट्रीय डिझाइन संस्था, दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय. पुण्यात आली तर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातही जावं.

काळी_पेन्सिल

@प्रभातरोड, संस्थेबद्दल आदर आहे, पण सांगलीच्या या मुलीला आधी वर्षभर प्रत्यक्ष काम करू द्यावं असं माझं स्पष्ट मत आहे. सेटवर पहाटे उभं राहणं, सुताराशी बोलणं, चोर बाजारात भाव करणं हे आवडतं का, हे तीन वर्षं देण्यापूर्वी कळलेलं बरं. कलादिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाई 'तमस' मालिकेच्या वेळी कलादिग्दर्शक नीतिश रॉय यांच्या हाताखाली शिकले, पुढे 'लगान', 'देवदास' धरून चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. हाताखाली शिकण्याची ही रीत आपल्याकडे जुनी आणि भक्कम आहे.

प्रभातरोड

मान्य, पण एक अडचण आहे. हाताखाली शिकताना समोरचा जेवढं दाखवेल तेवढंच दिसतं. मला कलेचा इतिहास, वास्तुशैली, लेन्सचा हिशेब शांतपणे शिकायला मिळाला आणि त्यावर आजही माझं घर चालतं. काम सुरू झाल्यावर वाचायला वेळ मिळत नाही. वर्षभर काम करून मग परीक्षा द्यावी, यावर आपलं एकमत होऊ शकेल.

काळी_पेन्सिल

होय, त्यावर एकमत.

चुणीदार

मी वेशभूषा विभागात आहे. भावाची खरी काळजी मुलीच्या राहण्या-येण्याची आहे असं वाटतं, म्हणून तेवढंच लिहिते.

काम स्वीकारण्यापूर्वी या गोष्टी लेखी घ्या. पैसे रोजाने की महिन्याने. किती तासांची शिफ्ट. साधारण बारा तासांची धरतात, त्यापुढचं काय ते विचारून घ्यायचं. रात्री पॅकअप, म्हणजे चित्रीकरण आटोपल्यावर घरापर्यंत गाडी. बाहेरगावी राहण्याची खोली कोणासोबत. खिशातून घातलेले खरेदीचे पैसे किती दिवसांत परत. श्रेयनामावलीत नाव. मालिकांमध्ये पैसे नव्वद दिवसांनी मिळण्याची पद्धत आहे, त्यामुळे मुंबईत येताना पहिल्या तीन-चार महिन्यांच्या खर्चाची सोय घरून करून ठेवा. माझे एका कामाचे पैसे बुडाले, कारण सगळं तोंडी ठरलं होतं. तेव्हापासून मी निदान एका मेसेजवर तरी सगळं लिहून घेते आणि समोरून 'होय' आल्याशिवाय निघत नाही.

२०१३ च्या कायद्याप्रमाणे दहा किंवा जास्त माणसं काम करतात तिथे लैंगिक छळाच्या तक्रारींसाठी अंतर्गत समिती असलीच पाहिजे. समितीत कोण आहे हे पहिल्याच दिवशी विचारायचं. हा प्रश्न ऐकून कोणी कपाळाला आठ्या घातल्या तर ते काम सोडलेलं चांगलं.

परिस्थिती बदललीय, आणि ती बायकांनी भांडून बदललीय. मेकअपच्या कामात बायकांना कामगार संघटनेचं सभासद कार्डच मिळत नसे. २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने ती बंदी मोडून काढली. माझ्या मैत्रिणी आज उघडपणे मेकअप कलाकार म्हणून काम करतात, हे बघताना मला फार बरं वाटतं. कला विभागात आता मुली पुष्कळ आहेत.

कृष्णाकाठ

सर्वांचे मनापासून आभार. भावाने सगळं वाचलं. पंचगंगा, तुमचा प्रतिसाद त्याने दोनदा वाचला. चुणीदारताई, तुमची यादी त्याने कागदावर उतरवून घेतली. आता त्याचा एकच प्रश्न उरलाय: एक सिनेमा संपला आणि दुसरा मिळाला नाही तर मधले महिने काय करायचं?

कॉलशीट

रास्त प्रश्न. मधले महिने येतातच, अगदी अनुभवी माणसालाही. कला विभागातली मुलं जाहिराती करतात, नाटकाचं नेपथ्य करतात, संग्रहालयांची आणि प्रदर्शनांची मांडणी करतात, दुकानांच्या काचेतली सजावट करतात. इंटिरियरचं प्रमाणपत्र असलेल्या मुलीला तर शहरात काम मिळेलच. स्केचअप, ऑटोकॅड आणि फोटोशॉप नीट येत असेल तर घरी बसूनही आराखडे काढून देता येतात. हल्ली मोठ्या सेटचा खालचा भाग बांधतात आणि वरचा संगणकावर जोडतात, तिथे दोन्हीकडची भाषा समजणारी माणसं कमी पडतात.

जाहिरातीचे पैसे जास्त असतात, पण दोन दिवसांत सगळं उभारायचं असतं. सिनेमात पैसे कमी, शिकायला जास्त. आधी सिनेमा, असं माझं मत.

काळी_पेन्सिल

भाचीला माझ्याकडून एक काम. वर दिलेलं दृश्य घे. साल १९७१, तालुक्याच्या गावात प्राथमिक शिक्षकाचं भाड्याचं दोन खोल्यांचं घर. वडील पासबुक काढून मुलीसमोर ठेवतात, ती न बघता उठून आतल्या खोलीत जाते. वरून दिसणारा आराखडा मापासकट काढ आणि वस्तूंची यादी कर. इथे शब्दांत लिहिलं तरी चालेल.

गुण्या_कोनमापक

नमस्कार, मी ती भाची. आत्यानेच खातं उघडून दिलं. काका, प्रयत्न केलाय.

बाहेरची खोली १२ बाय १६ फूट, आतली १२ बाय ८. मधे दार, त्याला पडदा. रस्त्याकडची भिंत काढता येईल अशी धरली आहे, कॅमेरा तिथून. वडील जमिनीवर सतरंजीवर, त्यांच्या डाव्या हाताला लोखंडी खाट. पासबुक खाटेखालच्या ट्रंकेत आहे, म्हणजे त्यांना वाकून ट्रंक ओढावी लागते. मुलगी दाराच्या बाजूला बसली आहे, तिला उठल्यावर दोनच पावलं.

वीज आहे का हे आजीला विचारलं. ती म्हणाली तिच्या माहेरी तेव्हा आली होती पण एकच दिवा लावायचे, म्हणून बाहेरच्या खोलीत मधोमध एक पिवळा बल्ब आणि आत कंदील. भिंतीवर कापड दुकानाने वाटलेलं देवाच्या चित्राचं कॅलेंडर. कोनाड्यात शाळेच्या वह्यांचा गठ्ठा, लाल शाईची दौत, टाक. खुंटीला टोपी आणि छत्री. खिळ्याला अडकवलेल्या तारेत आलेली पत्रं, पत्त्यात पिनकोड नाही.

काळी_पेन्सिल

शाबास. बाहेर बल्ब आणि आत कंदील हे फार चांगलं आहे. मुलगी उठून जाते तेव्हा ती वेगळ्या रंगाच्या उजेडात जाईल, छायालेखक तुला धन्यवाद देईल. वडिलांना वाकायला लावलंस तेही बरोबर, शिक्षक माणूस मुलीसमोर वाकून ट्रंक ओढतो यात दृश्याचा अर्धा अर्थ आला.

आता दुरुस्त्या. ट्रंक ओढताना खरखरेल आणि नेमकं त्याच वेळी संवाद असेल, तेव्हा तिच्या बुडाला जाड कापड चिकटव, ध्वनीवाले तो आवाज नंतर हवा तेवढा घालतील. जमीन कशाची आहे ते लिहिलंच नाहीस: शेणाने सारवलेली की शहाबादी फरशी? भाड्याचं घर आहे, तर आधीच्या भाडेकरूंच्या खुणा कुठे आहेत? भिंतीवर त्यांनी ठोकलेले रिकामे खिळे दिसायला हवेत.

कॉलशीट

पासबुकं किती बनवणार? एकावर भागत नाही. एकसारखी निदान तीन ठेव आणि आतल्या नोंदी तिन्हींत सारख्या. मुलगी ते हाताने बाजूला सारते का, हे दिग्दर्शकाला विचारून घे. सारत असेल तर आणखी दोन वाढव. मग खर्चाची यादी कर: विकत काय, भाड्याने काय, घरून मागून काय.

गुण्या_कोनमापक

ट्रंक आजीचीच मिळेल, खाट शेजारी आहे. जमीन सारवलेली घेते, कारण वडिलांच्या बसण्याच्या जागेवर ती गुळगुळीत झालेली दाखवता येईल. खर्चाची यादी बाबांना बरोबर घेऊन करते, त्यांना बाजारभाव माझ्यापेक्षा चांगले माहीत आहेत. रविवारी इथेच टाकते.